बालाघाटातलं तरस काय खातं: प्रकल्प नोंदी

१४ नोव्हेंबर

सरांनी विषय पक्का केला: पट्टेरी तरसाचा आहार, विष्ठेवरून. ठिकाण आमचाच पाटोदा तालुका, मांजरा नदी जिथं उगम पावते तो बालाघाटाचा डोंगर. नायगावच्या मयूर अभयारण्यात शिरायचं नाही. बाहेरची गायरानं आणि वनखात्याचे बरड तुकडे, एवढ्यातच काम. परवानगीपत्र हातात आलं. तरस १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली येतं, त्यामुळे त्याची विष्ठा उचलायलाही कागद लागतो. सोबतीला वनमजूर काका. त्यांनी पहिल्याच भेटीत विचारलं, "ताई, एवढं शिकून हगलेलं गोळा करायचं व्हय?" मी व्हय म्हणाले. घरी अजून नीट सांगितलेलं नाही.

जोडकाम: २८ फेब्रुवारीच्या विज्ञान दिनासाठी तरसाच्या चारही जातींच्या आहाराचा तक्ता. जगात चारच जाती उरल्यात: पट्टेरी, तपकिरी, ठिपकेदार आणि आर्डवुल्फ. आपल्याकडे फक्त पट्टेरी.

२० नोव्हेंबर

घळीच्या तोंडाशी तरसाची हागणदारी सापडली. तरस एका ठरावीक जागी पुन्हा पुन्हा येतं, म्हणून हे काम निदान शक्य तरी आहे. ताजी विष्ठा हिरवट, वाळली की खडूसारखी पांढरी. दाबली की भुगा. पांढरेपणा हाडांतल्या कॅल्शियमचा.

आजूबाजूच्या मातीत ठसे होते. पुढचा पंजा मागच्यापेक्षा ठळक मोठा, नखांच्या खुणा बोथट. तरसाचा सगळा भार पुढं असतो: जाड मान, रुंद खांदे, उतरता कंबरेचा भाग. काकांनी वाकून एक गवताची काडी दाखवली. तिच्यावर चिकट पिवळट लेप होता, वासानं मी मागं सरले. शेपटीखालच्या ग्रंथीतून तरस हा लेप काडीला पुसतं, दुसऱ्या तरसाला निरोप म्हणून. पाकिटावर तारीख, जागा आणि ठसा दिसला की नाही, एवढं लिहायचं ठरलं. जिथं लांडग्याची किंवा कुत्र्याची शंका येईल ते पाकीट बाजूला.

२५ नोव्हेंबर

धुण्याचा पहिला दिवस. मास्क, हातमोजे, आणि आधी ओव्हनमध्ये चांगलं तापवून घेणं, कारण असल्या विष्ठेत फीतकृमींची अंडी असू शकतात आणि ती माणसाला भोवतात. मग बारीक चाळणीवर पाणी सोडायचं. पांढरा गाळ वाहून जातो, वर उरतात केस, दाताचे तुकडे, हाडांच्या कपच्या, खुराचा तुकडा, बी, भुंग्याचं पंखकवच.

हाडाच्या कपच्यांच्या कडा गुळगुळीत झालेल्या. जठरातल्या आम्लानं खाल्लेल्या. एका कपचीला इतकं भोक पडलेलं की पलीकडचं दिसत होतं. हाड नुसतं गिळून बाहेर टाकलेलं नाही, त्यातलं जेवढं घेता येईल तेवढं घेतलेलं आहे. केस, खूर, शिंग मात्र पचत नाही. म्हणूनच आमचा अभ्यास चालतो.

संध्याकाळी घरी आमच्या मोत्याला हाड टाकून बसून पाहिलं. कुत्रं हाड फोडायला ते जबड्याच्या पार मागं, दाढांखाली नेतं, मान तिरकी करतं. तरस तसं करत नाही. त्याच्या पुढच्या दाढा, म्हणजे सुळ्यांमागचे दात, जाड आणि शंकूच्या आकाराचे असतात. हाड तिथं फुटतं, आणि मागची पात्यासारखी दाढ मांस-कातडं कापायला शाबूत राहते. दोन कामांना दोन जागा. तरसाच्या दाताचं एनॅमलही आत नागमोडी पट्ट्यांनी विणलेलं असतं, त्यामुळे भेग पडली तरी ती सरळ पळत नाही. आई म्हणाली, कुत्र्याच्या तोंडात काय बघत बसलीस. तेव्हा सगळं सांगावं लागलं. आणि सांगताना हेही निघालं की तरस कुत्र्याच्या कुळातलं नाहीच. नात्यानं ते मुंगूस आणि मांजराच्या बाजूचं आहे. हे तिला अजिबात पटलं नाही.

२ डिसेंबर

गाव रिकामं झालं. दिवाळी झाली, मुकादमाची उचल घेतलेले सगळे कोयते, म्हणजे ऊसतोडीच्या जोड्या, साखर कारखान्यांकडं गेले. बैलगाडीवाल्यांबरोबर बैलही गेले. मागं म्हातारी माणसं, शाळेची लेकरं, शेळ्या आणि थोड्या म्हशी.

प्रकल्पाच्या दृष्टीनं ही मोठी गोष्ट आहे, पण आतापर्यंत वाचलेल्या एकाही लेखात तिला जागा नव्हती. जंगलात तरस काय खातं हे जंगलात काय मरतं त्यावर ठरतं. आमच्याकडं ते गावात काय मरतं आणि आम्ही ते कुठं टाकतो त्यावर ठरणार. बैलच गावात नसतील, तर डिसेंबरातल्या विष्ठेत बैलाचे केस कुठून येतील? आले, तर तरस महामार्गाच्या कडेला टाकलेल्या मढ्यांकडं जातं असं तरी समजायचं, किंवा जुनी हाडं पुन्हा फोडतं असं. जुनी, वाळलेली हाडं तरस सोडत नाही. आत मगज असेपर्यंत त्याच्या लेखी ते अन्नच.

९ डिसेंबर

पाऊस नाही, वारा फार. पाकिटं कमी. काकांना ताप.

१५ डिसेंबर

केसांचा संदर्भसंच केला. नमुन्यातला केस कोणाचा हे ओळखायचं तर ओळखीचे केस आधी जवळ पाहिजेत. आठवडी बाजारात जाऊन शेळी, मेंढी, गाय, बैल, म्हैस, गाढव, सगळ्यांच्या पाठीचे चार-चार केस मागितले. एका शेळीवाल्या मामांनी विचारलं, "करणी-बिरणी करायची का काय?" त्यांना मोबाइलवर सूक्ष्मदर्शकातले फोटो दाखवल्यावर त्यांनी शेळीचे केस स्वतःच उपटून दिले, वर बोकडाचेही.

पद्धत: स्लाइडवर पारदर्शक नेलपॉलिशचा पातळ थर, तो अर्धवट वाळला की त्यावर केस दाबायचा, थोड्या वेळानं उचलायचा. केसाच्या खवल्यांचा ठसा पॉलिशवर उमटतो. केसाचा मगज, म्हणजे आतला गाभा, पाहायला केस झायलीन या द्रावकात ठेवून वेगळी स्लाइड. सशाचा केस लगेच कळतो, मगजाच्या खाचा अनेक रांगांत शेजारीशेजारी. मेंढीच्या बारीक लोकरीत मगजच नसतो. गाय, बैल आणि म्हैस यांच्यात मात्र माझा जीव जातो. सरांनी सांगितलं, भांडू नकोस, तिघांचा मिळून एकच गट कर: 'मोठी गुरं'. खात्री नसताना तीन गट दाखवण्यापेक्षा खात्रीचा एक बरा.

२२ डिसेंबर

तक्त्यासाठी ठिपकेदार तरस वाचून काढलं. गावात तरस म्हटलं की लोकांच्या डोक्यात टीव्हीवरचं हेच जनावर असतं, सिंहाच्या भोवती हसत फिरणारं. आपलं तरस हसत-बिसत नाही, बहुतेक वेळ गप्पच असतं. खाण्यातही दोघांचं जमत नाही.

ठिपकेदार तरस शिकारी आहे. हान्स क्रूक या डच संशोधकानं १९६० च्या दशकात टांझानियातल्या सेरेंगेटी आणि न्गोरोन्गोरो इथं रात्र-रात्र मागं राहून पाहिलं, तेव्हा ही जात आपलं बहुतेक खाणं स्वतः मारते असं दिसलं. न्गोरोन्गोरोत तर तरसांनी मारलेलं सिंह हिसकावून घेत होते. सकाळी पर्यटक येईपर्यंत सिंह खात बसलेला आणि तरसं बाजूला, त्यामुळे चोर कोण हे लोकांनी उलटं ठरवलं. वाइल्डबीस्टमागं एखाददुसरंच तरस धावतं. झेब्र्यासाठी दहा-बारा जणांचा जथा निघतो. झेब्र्याचा नर लाथा घालतो, चावतो, म्हणून. पाठलाग लांबचा, वेग ताशी ६० किलोमीटरपर्यंत. खाली पाडलं की तिथंच खायला सुरुवात, आणि पुष्कळ तोंडं असली तर तासाच्या आत फक्त जमिनीवरचा डाग उरतो. एका बैठकीत एक तरस १४-१५ किलो मांस पोटात घालू शकतं. केस आणि खुरांचे गोळे नंतर ओकून टाकतं.

पंगतीचा क्रम ठरलेला असतो. माद्या नरांपेक्षा मोठ्या आणि वरचढ, आणि मुलीचं स्थान आईच्या स्थानावरून ठरतं. वरच्या घरातलं पिल्लू आधी जेवतं. पिल्लांसाठी बिळाशी मांस आणण्याची पद्धत मात्र या जातीत जवळजवळ नाही. वर्षभर आणि त्याहून जास्त मुख्य आधार आईच्या दुधाचाच. सेरेंगेटीत भक्ष्याचे कळप दूर गेले की आई कित्येक किलोमीटर जाऊन खाऊन येते आणि मग पाजते. हे वाचलं तेव्हा फडात गेलेल्या मावशीची आठवण झाली. पण तक्त्यात तसलं काही लिहायचं नाही, सर रागावतील.

३ जानेवारी

बोरं! आजच्या दोन पाकिटांत मूठभर बोराच्या आठळ्या. आठळीवर दाताची खूण नाही, म्हणजे फळ सरळ गिळलेलं. काकांना काडीचं आश्चर्य वाटलं नाही. "बोरीखाली रातच्याला येतंच की ते. कोल्हं बी येतं." नोव्हेंबरात त्यांनी एका पाकिटातलं काळं चकचकीत बी सीताफळाचं म्हणून दाखवलं होतं, तेही बरोबर निघालं.

पट्टेरी तरसाचं फळांचं वेड जुनं आहे. इस्राएलमध्ये खरबूज, काकडी, खजूर यांच्या मळ्यांत ते नुकसान करतं म्हणून शेतकरी वैतागलेले असतात. तिथल्या तरसाला मांसाहारी म्हणायचं की बागाईतदाराचा शत्रू?

तपकिरी तरस तर त्याच्या पुढं आहे. ते दक्षिण आफ्रिकेच्या बाजूला, कालाहारीच्या वाळवंटात आणि नामिबच्या किनाऱ्यावर राहतं. कालाहारीत वर्षातले कित्येक महिने पाणी नसतं, तेव्हा ते त्सामा नावाची रानकलिंगडं खातं, पाण्यासाठी. रात्रभर एकटंच चालतं, ३० किलोमीटर किंवा जास्तही, आणि वाटेत जे लागेल ते: सिंह-बिबट्यांनी सोडलेलं मढं, शहामृगाची अंडी, किडे, उंदीर. अंडी जास्त मिळाली तर झुडपात लपवून ठेवतं. शिकार करायला जातं, पण बहुतेक वेळा फसतं. किनाऱ्यावरचं चित्र निराळं. तिथं केप फर सील या समुद्री प्राण्याच्या वसाहती आहेत आणि तपकिरी तरस सीलची पिल्लं स्वतः मारतं. एकच जात, आत वाळवंटात कलिंगडं शोधणारी, किनाऱ्यावर शिकार करणारी. माझ्या तक्त्यात 'आहार' हा रकाना चार जातींना चार ओळींत बसवायचा होता. आता दोन ओळी एकट्या तपकिरीलाच लागतायत.

११ जानेवारी

शेजारच्या वस्तीवर म्हैस मेली. मालकानं ट्रॅक्टरनं ओढून ओढ्याच्या वरच्या अंगाला टाकली. वनखात्याचा कॅमेरा मागून आणला आणि बाभळीला बांधला.

आज कार्ड काढलं. पहिल्या रात्री नुसती कुत्री, सहा-सात. पोट मागून फाडलं, आतडी ओढली, आपापसांत भांडली. दुसऱ्या रात्री मध्यरात्र उलटल्यावर तरस आलं. एकटं. आधी कॅमेऱ्याच्या कडेला फक्त कान आणि पट्टे. कुत्र्यांनी त्याला घेरलं तेव्हा त्यानं पाठीवरची सगळी आयाळ उभी केली आणि ते एकदम दीडपट दिसायला लागलं. भुंकणं दिसतं, ऐकू येत नाही, पण कुत्री मागं सरली एवढं खरं. मग तरसानं मांसल भागाकडं बघितलंही नाही. मागच्या पायाशी गेलं, सांध्यात तोंड घातलं, पुढचे पाय रोवून मागं ओढत राहिलं. पुढच्या फोटोत पाय सुटलेला. त्यानंतरच्या फोटोत अख्खा पाय तोंडात आडवा धरून ते चौकटीबाहेर निघालेलं. खुराचं टोक जमिनीला घासतंय. पुन्हा पहाटेपर्यंत आलं नाही.

मला हे महत्त्वाचं वाटतं. कुत्री जागेवर खातात, तरस उचलून नेतं. दोघं एकाच मढ्यावर असूनही एकाच ताटात नाहीत. मऊ भाग कुत्र्यांचा, हाड-सांधे-कातडं तरसाचं. कुत्र्यांची संख्या वाढली की तरसाला किती कमी मिळतं हे या एका कॅमेऱ्यावरून सांगता येणार नाही, पण रात्रीचे पहिले तास त्याला मिळत नाहीत एवढं स्पष्ट दिसतं.

१६ जानेवारी

वस्तीवरच्या आजीचं करडू गेलं. गाव म्हणतं तरसानं नेलं. आजीचा सूर मात्र वेगळा: "लेकरा, लांडगा आसंल नाय तर कुत्री. तरस लई भित्रं." काकांनी शेळ्यांच्या वाडग्याभोवती फिरून बघितलं. ठसे कुत्र्यांचेच जास्त, एक अर्धवट ठसा कसला ते कळेना. पट्टेरी तरस लहान जनावर उचलतंच नाही असं नाही. करडू, कोंबडी, कुत्र्याचं पिल्लू संधी मिळाली तर नेतं. राज्याच्या नुकसानभरपाईच्या यादीत वाघ-बिबट्याबरोबर तरसाचंही नाव आहे, पण पंचनामा वेळेत व्हावा लागतो आणि मढं जागेवर असावं लागतं. तरसानं नेलं असेल तर मढं जागेवर नसतंच. आजीला हे सांगितल्यावर ती हसली. भरपाईचा अर्ज तिनं केला नाही.

२१ जानेवारी

सरांसमोर आतापर्यंतचे आकडे मांडले. 'मोठी गुरं' हा गट सगळ्यात वर, त्याखाली शेळी. मला बरं वाटत होतं. सरांनी एकच प्रश्न विचारला: यातली किती पाकिटं त्या एका म्हशीची? ११ तारखेनंतर घळीतून जमा झालेल्या जवळजवळ सगळ्या विष्ठेत मोठ्या गुरांचे केस आहेत, आणि ती सगळी एकच म्हैस असू शकते. एक मढं तरसाला बरेच दिवस पुरतं, आणि विष्ठा मोजणारा समजतो की तरस रोज म्हैस खातं.

दुसरा मुद्दा उंदराचा. लहान जनावराला मांसाच्या मानानं केस जास्त, त्यामुळे उंदीर-सशाचं पारडं विष्ठेत जड दिसतं, आणि मऊ मांस मागं काहीच सोडत नाही. म्हणून टक्केवारीच्या जोडीला तारीखवार मांडणी करायची. कोणत्या आठवड्यात काय, आणि त्या आठवड्यात गावात काय मेलं होतं.

२७ जानेवारी

काकांना माहीत असलेली जुनी कपार. सध्या वापरात नाही याची खात्री समोरच्या उतारावरून दुर्बिणीतून तीन संध्याकाळ बघून केली. वापरातल्या बिळाजवळ जायचंच नाही ही परवानगीतली अट. तोंडाशी गुरांचे जबडे, शेळीची शिंगं, कुत्र्याची कवटी, एक चप्पल. चप्पल कशाला आणली असेल? कातड्याची होती, एवढंच.

हाडं बघताना एक गोंधळ टाळावा लागतो. साळींदरही हाडं गोळा करतं, कुरतडायला. त्याच्या पटाशीच्या दातांच्या खुणा सरळ, समांतर, शेजारीशेजारी. तरसाच्या खुणा म्हणजे खळगे आणि मोडलेली टोकं. या कपारीत दोन्ही आहेत. लांब हाडांची टोकं गेलेली, आणि त्याच हाडावर नंतर साळींदराचं काम.

पट्टेरी तरस पिल्लांसाठी बिळाशी अन्न आणतं, ठिपकेदार आणत नाही. त्यामुळे हाडांचे ढीग पट्टेरीच्या घरी जास्त. सौदी अरेबियात उम्म जिरसान नावाची लाव्हाची लांबलचक गुहा आहे. तिथं पट्टेरी तरसांनी हजारो वर्षं आणलेली हाडं साठलीत, लाखोंच्या घरात. त्याचा अभ्यास २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला. उंट, घोडा, गाढव, शेळ्या-मेंढ्या, आणि माणसाच्या कवट्यांचे तुकडेसुद्धा. माणसाची हाडं दफनभूमीतून उकरून आणलेली असावीत असा तर्क आहे. आमच्याकडं म्हातारी माणसं मसनवटीवर दगड रचायला सांगतात ते उगाच नाही.

काका परत येताना गप्प होते. खाली आल्यावर म्हणाले, "कुत्र्याची कवटी बघितली ना? बिबट्या नेतो तसं हे बी नेतंय."

५ फेब्रुवारी

आर्डवुल्फ. तक्त्यातला सगळ्यात सोपा रकाना: वाळवी.

खरंच एवढंच. आफ्रिकेच्या पूर्वेला आणि दक्षिणेला, मधे मोठी फट सोडून, ही जात राहते. वजन ८ ते १२ किलो. मढ्याकडं ढुंकून बघत नाही. त्रायनर्वितर्मिस नावाची वाळवी रात्री गवत कापायला उघड्यावर येते, तेव्हा आर्डवुल्फ रुंद, चिकट जिभेनं तिला चाटून घेतं. एका रात्रीत दोन ते तीन लाख. वारूळ उकरत नाही. बाहेर आलेली तेवढीच घेतं. या वाळवीचे सैनिक नाकाडातून चिकट रसायन फवारतात, इतर प्राण्यांना ते सोसत नाही, आर्डवुल्फला बऱ्यापैकी सोसतं. सैनिक फार जमले की ते पुढच्या घोळक्याकडं जातं, त्यामुळे वसाहत संपत नाही आणि पुन्हा येता येतं. थंडीत ही वाळवी बाहेर येईनाशी झाली की दक्षिणेकडं ते दिवसा निघणाऱ्या दुसऱ्या वाळवीवर भागवतं, तरी वजन उतरतंच.

हाड फोडणाऱ्या घराण्यातल्या या प्राण्याच्या दाढा नुसत्या खुंट्या उरल्यात. सुळे मात्र शाबूत, हद्दीच्या भांडणांसाठी.

१४ फेब्रुवारी

गावात फिरून विचारलं: मेलेलं ढोर पूर्वी कुठं जायचं? सगळ्यांत नेमकं उत्तर बौद्ध वस्तीतल्या एका आजोबांनी दिलं. ढोर ओढायचं, फाडायचं काम गावानं त्यांच्या वाडवडलांवर लादलं होतं. कातडं काढलं की उरलेलं माळावर, त्यावर गिधाडं. १९२७ च्या महाडच्या परिषदेत बाबासाहेबांनी हे काम आणि मेलेल्या ढोराचं मांस सोडा म्हणून सांगितलं. "आमच्या वडिलांनी सोडलं ते सोडलं. गावानं लई तरास दिला, पर पुन्हा दोरी धरली नाय." मग ढोर कोण ओढू लागलं? "ज्याचं त्यानं."

पुढचे बदल माझ्या डोळ्यांसमोरचे किंवा वडिलांच्या. नव्वदच्या दशकात गिधाडं संपत गेली. गुरांना दिलेलं डायक्लोफेनॅक हे वेदनाशामक मढ्यातून त्यांच्या पोटात जाऊन मूत्रपिंडं निकामी करत होतं. जनावरांसाठीच्या त्या औषधावर २००६ मध्ये बंदी आली, तोपर्यंत आमच्या आभाळात गिधाड राहिलं नव्हतं. २०१५ पासून राज्यात बैलांच्या कत्तलीवरही बंदी. थकलेल्या बैलाला गिऱ्हाईक नाही, तो दावणीला किंवा माळावर मरतो. आता जेसीबी बोलावला तर खड्डा, नाही तर ओढा किंवा रस्त्याची कड. गिधाडं असती तर दिवसा मढं साफ झालं असतं आणि तरसाला हाडं उरली असती. आता ते रात्री कुत्र्यांना गाठतं.

रस्त्याची कड हा वेगळा ताप. महामार्ग ५२ ला कडेला टाकलेल्या मढ्यावर आलेलं तरस स्वतःच गाडीखाली जातं. काकांनी असं एक उचललेलं आहे. त्याबद्दल ते फार बोलत नाहीत.

२८ फेब्रुवारी

विज्ञान दिन. तक्त्यात शेवटी 'शिकारी' आणि 'मुडदाखाऊ' हे दोन्ही रकाने काढून टाकले. चौघांपैकी एकही नीट बसत नव्हतं. त्याऐवजी उभे रकाने असे: काय खातं, कुठून मिळवतं, जागेवर खातं की नेतं, पिल्लांना काय देतं.

प्रश्न भरपूर आले. सातवीतल्या एका मुलानं विचारलं, तरसाला आपण चारलं तर? त्याला हारर शहर सांगितलं. इथिओपियातल्या या जुन्या तटबंदीच्या शहरात ठिपकेदार तरसं रात्री गल्ल्यांतून येतात, खाटकांनी टाकलेले अवशेष खातात; तटाच्या भिंतीला त्यांच्या ये-जा करण्यापुरती भोकंही आहेत, आणि काही माणसं वेशीजवळ त्यांना हातानं मांस भरवतात. मुलगा म्हणाला, मग आपणही करू. त्याच्या शिक्षिकेनं लगेच त्याला पुढच्या तक्त्याकडं नेलं. मीही चारू नका असंच म्हटलं. माणसाशी सलगी झालेलं तरस आमच्या भागात काठीनंच मरेल.

सरपंचांनी जाता जाता विचारलं, मेलेली गुरं एका ठरावीक जागी टाकली तर बिबट्या नाही का येणार? प्रश्न रास्त आहे. बिबट्याही मढ्यावर येतो. जागा वस्तीपासून आणि महामार्गापासून लांब, पाण्याच्या वरच्या अंगाला नको, आणि त्या मढ्यावर कुणीही कीटकनाशक ओतायचं नाही, या तिन्ही गोष्टी जमत असतील तरच, असं सरांनी सांगितलं. कुत्री किंवा लांडगा मारायला ओतलेलं विष तरसालाही लागतं, कारण ते शेवटपर्यंत खातं. ग्रामसभेत घेऊ म्हणाले.

९ मार्च

अहवालाचा मसुदा. तारीखवार मांडणीत दिसलं ते असं: नोव्हेंबरात सीताफळ आणि जुनी हाडं, डिसेंबर-जानेवारीत बोरं, शेळी, किडे, म्हशीनंतर मोठी गुरं, फेब्रुवारीत कोंबडीची पिसं वाढलेली. पिसांचं कारण लगेच सापडलं. लग्नसराई सुरू झाली आणि मटण-चिकनच्या दुकानांचा कचरा पुलाखाली पडायला लागला. हरणाचा केस एकाही पाकिटात ओळखू आला नाही, ससा दोन-तीनदा. हा एका घळीचा एका हिवाळ्याचा हिशेब आहे, आणि फडातून बैल एप्रिलात परततील तेव्हा तो पुन्हा बदलेल, म्हणून सरांनी परवानगीची मुदत जूनपर्यंत वाढवून मागितली आहे.

कोष्टकात शेळीच्या ओळीसमोर मी 'शिकार' असं लिहिलं होतं, सरांनी तिथं लाल पेनानं प्रश्नचिन्ह काढलं. केसावरून शेळी कळते, ती कशी मेली ते कळत नाही. दोन पाकिटांत शेळीच्या केसांबरोबर माशीच्या कोषांची टरफलं आहेत, म्हणजे त्या दोन शेळ्या बहुधा आधीच मेलेल्या होत्या. बाकीच्यांचं सांगता येत नाही. त्या ओळीत आता असं आहे: 'शेळी, मेलेली किंवा मारलेली.' पंचनाम्याच्या नमुन्यात असा रकाना नाही, हे काकांनी निदर्शनास आणून दिलं.